पत्र कुणाचं? पाठवणाऱ्याचं की ठेवणाऱ्याचं?

काजूच्या बोंडवामुळे एखाद्याचं आयुष्य बदलल्याची गोष्ट आपल्याला सांगितली तर आपण गोंयकार डोळे मिचकावून हसू. आपल्याकडे बोंडवानं बदललेली आयुष्यं पुष्कळ आहेत, आणि त्यात बहुतेक ठिकाणी भट्टीचा संबंध असतो. पण ही गोष्ट वेगळी आहे. एलिझाबेथ बिशप ही अमेरिकन कवयित्री १९५१ च्या अखेरीस बोटीनं ब्राझीलला उतरली. तिचा बेत होता दक्षिण अमेरिकेला वळसा घालण्याचा, ब्राझीलमध्ये राहायचं होतं थोडेच दिवस. तिथं तिनं काजूचं बोंडू खाल्लं, आणि ते तिला असं काही बाधलं, की चेहरा आणि हात सुजून ती अंथरुणाला खिळली. लोटा द मासेदो सोआरेस या तिच्या ब्राझिलियन मैत्रिणीनं तिची सेवा केली. बरी झाल्यावर बिशप परत गेलीच नाही. पुढची जवळजवळ पंधरा वर्षं तिनं लोटासोबत ब्राझीलमध्ये काढली, पोर्तुगीज शिकली, पोर्तुगीजमधून भाषांतरं केली. ज्या झाडाचं बी पोर्तुगिजांनी ब्राझीलहून आपल्याकडे आणलं, त्या झाडानं एका कवयित्रीला तिथंच थांबवून ठेवलं.

बिशपला आपल्या भाषेच्या माणसांशी बोलायचं तर एकच मार्ग होता, पत्रं. पेत्रोपोलिसजवळच्या डोंगरातल्या घरातून तिनं पत्रांचा जो रतीब घातला, त्यामुळे आज इंग्रजीतल्या थोर पत्रलेखकांत तिचं नाव घेतात. या पत्रांतली सगळ्यात मोठी भागीदारी होती रॉबर्ट लॉवेल या कवीशी. दोघांची पत्रं २००८ साली 'वर्ड्स इन एअर' या नावानं एकत्र छापून आली. त्यात ४५९ पत्रं आहेत आणि तीस वर्षांचा काळ आहे.

हे जाडजूड पुस्तक मी गेल्या पावसाळ्यात पुन्हा काढलं, त्याला एक कारण घडलं. माझ्या बेळगावच्या एका जुन्या मित्राच्या मुलीचा फोन आला. मित्र जाऊन आता तीन वर्षं होतील. ती म्हणाली, "काका, बाबांची पत्रं तुमच्याकडे असतील ना? आम्ही त्यांच्यावर एक पुस्तक काढतोय. पत्रांचा एक विभाग करायचाय. सगळी द्या हां."

मी म्हटलं, "बघतो गं बाय. पेटी माळ्यावर आहे, पाऊस उघडला की काढतो."

पाऊस उघडला, चवथ आली नि गेली. पेटी खाली आली, पण माझ्यानं ती पत्रं तिला पाठवणं झालं नाही. का झालं नाही ते सांगण्यासाठीच हा लेख लिहितोय. पण त्यासाठी आधी बिशप आणि लॉवेलची गोष्ट सांगायला हवी.

ही दोघं पहिल्यांदा भेटली १९४७ च्या जानेवारीत, रँडल जॅरेल या कवी-समीक्षकाच्या न्यूयॉर्कमधल्या घरी, जेवणाला. दोघांच्या स्वभावात जमीन-अस्मानाचं अंतर. लॉवेल बॉस्टनच्या बड्या घराण्यातला, बोलका, सतत मध्यभागी असणारा. त्याला उन्मादाचे झटके येत, इस्पितळात राहावं लागे. बिशप अनाथासारखी वाढलेली, बुजरी, दम्यानं आणि दारूनं पिडलेली. एक कविता ती वर्षानुवर्षं भिंतीला टाचून ठेवी, एका शब्दासाठी. लॉवेल मात्र भराभर लिही, छापी, आणि छापलेलं पुन्हा बदली. तरी दोघांचं जमलं, आणि जमलं ते मुख्यतः कागदावर. तीस वर्षांत प्रत्यक्ष सहवास तसा थोडाच. लॉवेलनं एकदा पत्रात कबूलही केलं, की फार पूर्वी तिला लग्नाचं विचारायचं त्याच्या मनात होतं आणि ते राहून गेलं. तिनं त्यावर गाजावाजा केला नाही. मैत्री चालू राहिली.

त्या मैत्रीनं दोघांना कविता दिल्या. बिशपची 'द आर्माडिलो' लॉवेलला अर्पण केलेली आहे, लॉवेलची गाजलेली 'स्कंक अवर' बिशपला. तिच्या कवितेचा मोकळा, बोलता घाट पाहून आपली बंद शैली मोडावीशी वाटली, हे तो उघड सांगे. शिवाय त्यानं तिला नोकऱ्या, शिष्यवृत्त्या, ओळखी मिळवून द्यायला खूप खटपट केली. १९७० साली तो इंग्लंडला गेला तेव्हा हार्वर्डमधली त्याची शिकवण्याची जागा बिशपकडे आली. हा तपशील लक्षात ठेवा, पुढं कामाला येईल.

इथं थोडं थांबून एक प्रश्न विचारतो. कवींना पत्रांची एवढी गरज का पडते? माझ्या मते, कारण साधं आहे. कवितेला वाचक लागतो, आणि पहिला वाचक एकच असावा लागतो. एमिली डिकिन्सनचं उदाहरण घ्या. १८६२ च्या एप्रिलमध्ये थॉमस वेंटवर्थ हिगिन्सन या लेखकाला ॲम्हर्स्ट गावातून एक पत्र आलं. सोबत चार कविता. पत्राखाली सही नव्हती, नाव एका निराळ्या कार्डावर लिहून ते वेगळ्या छोट्या पाकिटात घातलं होतं. माझ्या कवितेत जीव आहे का, एवढंच त्या बाईला जाणून घ्यायचं होतं. त्यानंतर ती आयुष्यभर त्याला लिहीत राहिली. पहिली भेट व्हायला आठ वर्षं लागली, १८७० च्या ऑगस्टमध्ये. हिगिन्सनला तिची कविता पुरती कळली असं म्हणता येणार नाही. तरी तो उत्तर देत राहिला, आणि ते महत्त्वाचं. १८८६ साली ती गेल्यावर तिच्या बहिणीनं, लव्हिनियानं, तिला आलेली पत्रं जाळून टाकली. तशी त्या काळची रीतच होती. म्हणून आज आपल्याला डिकिन्सनची बाजू ऐकू येते, समोरच्यांची बहुतेक नाही. फोनवर बोलणाऱ्या माणसाशेजारी बसल्यासारखं ते वाचन आहे.

दुसरं उदाहरण खुद्द बिशपचं. तरुणपणी तिला मेरिअन मूर या ज्येष्ठ कवयित्रीचा आधार मिळाला. १९३४ साली न्यूयॉर्कच्या सार्वजनिक ग्रंथालयात दोघी भेटल्या. बिशप आपल्या कविता मूरबाईंना पाठवी, त्या सुचवतील त्या दुरुस्त्या पुष्कळदा मान्य करी. १९४० मध्ये बिशपनं कोंबड्यांवरची 'रूस्टर्स' ही कविता पाठवली. मूरबाई आणि त्यांच्या मातोश्री दोघी रात्री जागल्या आणि अख्खी कविता नव्यानं लिहून काढली. नाव बदललं, काही शब्द अशिष्ट वाटले ते काढून टाकले. बिशपनं नम्रपणे, पण ठामपणे कळवलं, की माझी कविता माझ्या शब्दांत राहील. यानंतर तिनं तपासण्यासाठी कविता पाठवणं जवळजवळ बंद केलं. पण मैत्री? ती मूर १९७२ च्या फेब्रुवारीत वारल्या तोवर टिकली. बिशपनं पुढं त्यांच्यावर लिहिलेला आठवणींचा लेख तर प्रेमानं ओथंबलेला आहे. 'नाही' म्हणता येतं आणि तरी मैत्री राहते, हे बिशपला तेव्हाच कळलं असावं.

तिला पुन्हा 'नाही' म्हणायची वेळ आली ती मूर गेल्यानंतरच्या पुढच्याच महिन्यात.

झालं होतं असं. लॉवेलची पत्नी एलिझाबेथ हार्डविक ही स्वतः मोठी लेखिका, 'न्यूयॉर्क रिव्ह्यू ऑफ बुक्स'च्या संस्थापकांपैकी एक. १९४९ साली दोघांचं लग्न झालं. वीस वर्षं तिनं त्याचे झटके, इस्पितळं, झटक्याच्या भरातली प्रेमप्रकरणं, सगळं निभावलं. १९७० मध्ये तो इंग्लंडला गेला तो तिथं कॅरोलाइन ब्लॅकवुड या लेखिकेच्या प्रेमात पडला आणि परतलाच नाही. न्यूयॉर्कला हार्डविक आणि तेरा वर्षांची मुलगी हॅरिएट. पुढच्या वर्षी ब्लॅकवुडला त्याच्यापासून मुलगा झाला. या काळात हार्डविकनं त्याला जी पत्रं लिहिली त्यात राग आहे, विनवणी आहे, मुलीची काळजी आहे, घरखर्चाचे हिशेब आहेत. सोडून गेलेल्या नवऱ्याला बायको जे लिहील ते सगळं आहे.

लॉवेलनं त्या पत्रांच्या कविता केल्या. 'द डॉल्फिन' या नव्या संग्रहात चौदा ओळींच्या कविता, त्यातल्या कित्येक हार्डविकच्या आवाजात, तिच्या पत्रांतली वाक्यं घेऊन. काही वाक्यं जशीच्या तशी, काही बदललेली, काही त्याची स्वतःची, पण तिच्या तोंडी घातलेली. हार्डविकला विचारलं नाही. हस्तलिखित बिशपकडं गेलं.

बिशपनं २१ मार्च १९७२ रोजी त्याला लिहिलेलं पत्र हे माझ्या मते विसाव्या शतकातल्या साहित्यव्यवहारातलं एक फार धैर्याचं पत्र आहे. आधी ती मनापासून सांगते, की कविता उत्तम आहेत. मग म्हणते, की पण हे करू नकोस. माणूस आपल्या आयुष्याचा कच्चा माल म्हणून वापर करतो, ते ठीक. पण ही पत्रं आहेत, लिहिणारी बाई हयात आहे, तू तिची परवानगी घेतलेली नाहीस, आणि वर तिचे शब्द बदललेस. तिला जास्तीत जास्त आक्षेप होता तो या शेवटच्या गोष्टीला, खऱ्यात खोटं मिसळण्याला. टॉमस हार्डीनं अशाच भेसळीबद्दल पूर्वी लिहिलेला उतारा तिनं त्याला शोधून कळवला. आणि शेवटी तिचं सांगणं एवढंच होतं, की कलेची किंमत एवढी मोठी नसते.

हे वाक्य कोण म्हणतंय पाहा. एका शब्दासाठी कविता वर्षानुवर्षं अडवून ठेवणारी बाई म्हणतेय. कलेला कमी लेखणाऱ्यानं असं म्हटलं तर त्याला किंमत नाही. कलेपायी सगळं आयुष्य वाहिलेल्या माणसानं म्हटलं, म्हणून ते वजनदार. आणि कुणाला म्हणतेय, तर ज्याच्यामुळे तिला हार्वर्डची नोकरी मिळाली, त्या मित्राला. आधीच्याच वर्षी, १९७१ मध्ये, तिनं त्या विद्यापीठात पत्रलेखन याच विषयावर एक वर्ग घेतला होता. पत्र म्हणजे काय चीज आहे, हे तिला शिकवायला लागू नये अशी ती बाई होती.

तिला स्वतःलाही या गोष्टीचा थोडा अनुभव होता. तिच्या 'इन द व्हिलेज' या आत्मकथनात्मक कथेवरून लॉवेलनं एक कविता केली होती. तिनं अडचणीच्या दिवसांत त्याला लिहिलेल्या एका पत्राचीही त्यानं कविता केली होती. स्वतःच्या बाबतीत तिनं एवढी तक्रार केली नाही. दुसरीच्या बाबतीत केली. मला हे फार मोलाचं वाटतं.

लॉवेलनं काय केलं? त्यानं पत्र गंभीरपणे घेतलं. फ्रँक बिडार्ट या तरुण कवी-मित्राच्या मदतीनं संग्रहाची फेरमांडणी केली, क्रम बदलला, पत्रांतली काही वाक्यं सौम्य केली, काही दुसऱ्याच आवाजात ढकलली. पण पुस्तक मागं घ्यायला तो तयार झाला नाही. १९७३ साली 'द डॉल्फिन' निघालं. हार्डविकला जबर धक्का बसला. एड्रिएन रिच या कवयित्रीनं, जी लॉवेलची जुनी स्नेही होती, पुस्तकाला जाहीरपणे झोडपलं, आणि ती मैत्री तिथंच संपली. १९७४ मध्ये पुस्तकाला पुलित्झर पारितोषिक मिळालं.

म्हणजे जगानं निकाल लॉवेलच्या बाजूनं दिला असं दिसतं. बिशप हरली का? मला तसं वाटत नाही. पण माझं मत सांगण्याआधी माझी स्वतःची गोष्ट सांगतो. नाहीतर दुसऱ्याच्या अंगणातली घाण दाखवून आपण मोकळे, असं व्हायचं.

माझा हा बेळगावचा मित्र शाळामास्तर होता. सीमाभागातल्या एका साहित्य संमेलनात आम्ही एका खोलीत उतरलो होतो. रात्रभर बोललो, आणि मग वीस-बावीस वर्षं पत्रं चालली. तो अंतर्देशीय पत्रावर कडेकडेनं, पार चिकटवायच्या पट्टीपर्यंत लिहायचा. पाकीट फोडताना चार शब्द फाटायचे, ते अंदाजानं जुळवावे लागायचे. त्याचा धाकटा भाऊ मुंबईच्या गिरणीत होता. १९८२ च्या संपानंतर तो रिकाम्या हातानं घरी परतला आणि प्यायला लागला. त्या घराची, त्या आईची, त्या भावाच्या न बोलण्याची हकीकत मित्रानं मला एका लांबलचक पत्रात लिहिली. असं पत्र आयुष्यात एखादंच येतं.

काही वर्षांनी एका दिवाळी अंकानं माझ्याकडे ललित लेख मागितला. माझ्याकडे लिहिण्यासारखं काही नव्हतं. ते पत्र होतं. मी गावाचं नाव बदललं, माणसांची नावं बदलली आणि वाक्यं तशीच ठेवली, कारण ती माझ्या वाक्यांपेक्षा चांगली होती. शेवट मात्र मला मवाळ वाटला. म्हणून शेवटी भाऊ आईवर हात उगारतो, असं एक वाक्य मी माझ्या पदरचं घातलं. लेखाचं कौतुक झालं. दोन-तीन ठिकाणांहून अभिनंदनाची पत्रं आली.

मित्राचं पोस्टकार्ड आलं ते तीन ओळींचं. "लेख वाचला. वाक्यं ओळखीची वाटली. शेवटचं माझं नव्हे."

त्यानंतर दोन वर्षं काही नाही. पुढं कळलं, की तो अंक त्यांच्या गल्लीतल्या वाचनालयात आला होता. नावं बदलून काय होतं? गल्लीला गल्ली ओळखू येते. भावानंही तो लेख वाचला होता. मी क्षमा मागणारं पत्र लिहिलं, त्याचं उत्तर आलं नाही. दोन वर्षांनंतर त्याची पत्रं पुन्हा सुरू झाली. पावसावर, परीक्षेच्या पेपरांवर, वाचलेल्या पुस्तकांवर. पण त्या पत्रांत पुन्हा कधी घर आलं नाही. जे गमावलं ते एवढंच होतं, आणि ते फार होतं.

'द डॉल्फिन'ची हकीकत मी पहिल्यांदा वाचली तेव्हा पुस्तक मिटून बाजूला ठेवलं होतं, ते का, हे आता सांगायला नको. लॉवेल थोर कवी आणि मी एक साधा ललित लेखक, पण चूक तीच. आणि मला तेव्हा 'करू नकोस' म्हणणारं कुणी नव्हतं. खरं सांगायचं तर मी कुणाला विचारलंच नव्हतं. लॉवेलनं निदान हस्तलिखित बिशपकडं जाऊ दिलं.

आता दुसरी बाजूही मांडायला हवी, कारण ती खोटी नाही. एक तर लेखक दुसऱ्यांच्या शब्दांवरच जगतो. विल्यम कार्लोस विल्यम्स या कवीनं 'पॅटर्सन' या दीर्घकाव्यात लोकांची पत्रं सरळ गद्यात छापली आहेत. त्यात त्याच्या गावाजवळच्या एका तरुण, अनोळखी कवीचं पत्र आहे. हा कवी म्हणजे ॲलन गिन्सबर्ग. थोर कवीच्या काव्यात आपलं पत्र आलं, याचा त्याला अभिमानच वाटला. त्याच काव्यात मार्शा नार्डी या कवयित्रीची पत्रं आहेत, तिचं नाव न देता. परिस्थितीनं गांजलेली, एकटी बाई, विल्यम्सनं पत्रव्यवहार थांबवल्यानं दुखावलेली. तिची ती दुखावलेली पत्रंच काव्याचा भाग झाली. कृती एकच, कवी एकच, पुस्तकही एकच. पण एकासाठी ती वर चढायची शिडी होती, आणि दुसरीचं दुःख तिच्या नावाशिवाय जगासमोर आलं. म्हणून 'पत्र वापरावं की वापरू नये' असा सरसकट नियम करता येत नाही. कुणाचं, कधी, कुणाला विचारून, हे पाहावं लागतं.

दुसरा मुद्दा असा, की सगळ्यांनी पत्रं जाळली असती तर आपण काय वाचलं असतं? मी स्वतः बिशपची पत्रं चवीनं वाचतो. ती तिनं माझ्यासाठी लिहिलेली नाहीत. आपल्याकडे जी. एं.च्या पत्रांचे खंड आपण उराशी धरले आहेत. एकसंब्यात जन्मलेला आणि धारवाडला मास्तरकी करत जगापासून लपून राहिलेला हा माणूस पत्रांत जेवढा उघडा झाला तेवढा समोरासमोर कुणापुढं झाला नसेल. आणि सुनीताबाई देशपांड्यांनी आपली जी. एं.ना लिहिलेली पत्रं 'प्रिय जी. ए.' या नावानं छापली, ती २००३ साली, स्वतःच्या हयातीत. इथं मला एक फरक दिसतो. सुनीताबाईंनी दार उघडलं ते स्वतःचं. लॉवेलनं उघडलं ते बायकोचं, आणि तेही आतली मांडामांड बदलून.

कायदा या बाबतीत आपल्यापेक्षा शहाणा निघाला आहे. अमेरिकेत काय नि आपल्याकडे काय, पत्राचा कागद ज्याला आलं त्याचा, पण मजकुरावरचा हक्क लिहिणाऱ्याचा, आणि त्याच्यानंतर त्याच्या वारसांचा. म्हणजे माझ्या पेटीतले कागद माझे आहेत, त्यांच्यावरचा एकही शब्द माझा नाही. हे मला दिवाळी अंकाच्या वेळी ठाऊक असतं तर मी थांबलो असतो का? प्रामाणिकपणे सांगतो, बहुधा नाही. कौतुकाची भूक कायद्यानं भागत नाही.

माझं मत एका वाक्यात सांगायचं तर असं आहे: पत्र हे दोघांच्या मधलं असतं, आणि दोघांपैकी एकानं ते उघडं करायचं ठरवलं तर निदान त्याचे शब्द तरी बदलू नयेत. छापण्यापेक्षा बदलणं वाईट. छापलेल्या पत्रावर लिहिणारा म्हणू शकतो, हो, मी हे लिहिलं होतं, त्या दिवशी मला तसं वाटलं होतं. बदललेल्या पत्रावर तो काय म्हणणार? वाचकाला खरं-खोटं वेगळं करता येत नाही, आणि लिहिणाऱ्याला दारोदार जाऊन सांगता येत नाही, की हे वाक्य माझं नव्हे. बिशपनं बरोबर या शिरेवर बोट ठेवलं होतं. माझ्या मित्राच्या तिसऱ्या ओळीतही तेच होतं.

हार्डविकच्या बाबतीत पुढं एक वेगळीच गोष्ट घडली. लॉवेल १२ सप्टेंबर १९७७ रोजी न्यूयॉर्कमध्ये टॅक्सीतच गेला, विमानतळावरून हार्डविकच्या घराकडे येताना. तो तिच्याकडे परत येऊ लागला होता, आणि तिनंही दार बंद केलं नव्हतं. तिनं लिहिलेली ती पत्रं मात्र तिच्याकडे परत आली नाहीत. ब्लॅकवुडनं ती बिडार्टकडे दिली, त्यानं पुढं हार्वर्डच्या ग्रंथालयात ठेवली, ती हार्डविक हयात असेपर्यंत उघडू नयेत अशा अटीवर. ती पत्रं नष्टच झाली, असं तिला वाटत राहिलं. २००७ साली ती गेली. २०१९ मध्ये मूळ पत्रं 'द डॉल्फिन लेटर्स' या नावानं छापली गेली, आणि वाचकांना पहिल्यांदाच कळलं, की तिनं खरोखर काय लिहिलं होतं. मूळ पत्रांतली बाई कवितेतल्या बाईपेक्षा कितीतरी हुशार, विनोदी आणि खंबीर आहे. तिला तिचा आवाज परत मिळाला, फक्त ऐकायला ती नव्हती.

आणि बिशप-लॉवेलची मैत्री? ती तुटली नाही. एवढं कडक पत्र लिहून आणि ते अर्धंमुर्धंच मानलं जाऊनही दोघं एकमेकांना लिहीत राहिली. तो गेल्यावर तिनं त्याच्यावर 'नॉर्थ हेवन' ही शोककविता लिहिली, आणि त्यात त्याच्या सतत फेरफार करण्याच्या सवयीचा उल्लेख प्रेमानं आणि खेदानं केला. पुढं दोन वर्षांत, ६ ऑक्टोबर १९७९ ला, तीही गेली. साहित्यिक मैत्री म्हणजे एकमेकांच्या पुस्तकांना प्रस्तावना लिहिणं आणि व्यासपीठावर एकमेकांना शाली पांघरणं, असा आपल्याकडे समज आहे. गोव्यात तर आपण सगळे एकमेकांना ओळखतो, त्यामुळे 'नाही' कुणीच कुणाला म्हणत नाही, आणि मग कुणाच्या 'वा!'लाही किंमत राहत नाही. लेखकाला शाल देणारे पुष्कळ भेटतात. छपाईला जाण्याआधी 'हे करू नकोस' म्हणणारा एखादाच असतो, तो जपावा.

असो. पेटी माझ्यासमोर उघडी आहे. मी ठरवलंय ते असं. सगळी मूळ पत्रं मुलीच्या स्वाधीन करायची. मजकूर तिच्या घरचाच आहे, आणि मी त्यातलं गाळून देणारा कोण? पण ते एक लांब पत्र वेगळ्या पाकिटात घालणार आहे. तिचा काका, म्हणजे मित्राचा तो भाऊ, अजून आहे. पुष्कळ वर्षांपूर्वी त्यानं दारू सोडली, आता नातवंडांत रमलाय म्हणे. पाकिटावर लिहिणार आहे, की हे छापायचं की नाही ते काकाला विचारून ठरव, आणि तो नाही म्हणाला तर त्यालाच देऊन टाक.

आणि तिच्या पुस्तकासाठी तिनं माझ्याकडून एक आठवणींचा लेख मागितलाय. त्यात मी त्या दिवाळी अंकाचं सगळं लिहिणार आहे. लेखातली चांगली वाक्यं कुणाची होती, ते. आणि आईवर हात उगारण्याचं ते शेवटचं वाक्य माझं होतं, तसं कधीच घडलं नव्हतं, हेही. त्या भावाला हे छापील अक्षरांत वाचायला मिळालं पाहिजे. खोटं छापील होतं, तेव्हा त्याची दुरुस्तीही छापीलच हवी.

उशीर खूप झाला आहे. मित्र असता तर त्यानं एक पोस्टकार्ड टाकलं असतं, तीन ओळींचं. त्यात काय लिहिलं असतं, याचा अंदाज मी करणार नाही. त्याच्या तोंडी एकदा वाक्य घातलं, तेवढं पुरे झालं.